पन्नास नंबरला कोण राहतं?

“मासे चिरतेयस की त्यांच्यावर सूड उगवतेयस?” लंब्याने विचारलं.

 एरवी कात्रीला असं काही विचारायची कुणाची टाप नव्हती. जिभेला धार होती म्हणून तर तिचं नाव कात्री पडलं होतं. पण आज ती गप्प होती आणि सुरी तेवढी फळीवर आपटत होती. सुट्टी लागल्यापासून तिघं रोज सकाळी पक्षी-उपचार केंद्रात यायची. पंख मोडलेल्या घारी, तारेत अडकून जखमी झालेले बगळे, असल्या पाहुण्यांचं खाणं तयार करायचं काम त्यांच्याकडे होतं. कात्री मासे चिरायची, लंब्या तुकडे बादल्यांत वाटायचा आणि लंब्याचा धाकटा भाऊ बटण्या फरशी धुवायचा. म्हणजे निम्मं पाणी फरशीवर आणि निम्मं स्वतःच्या अंगावर.

शेजारीच संचालकसाहेबांची केबिन होती. मधे भिंत कसली, नुसती प्लायवूडची फळी. पलीकडे कुणी शिंकलं तरी इकडे ऐकू यायचं. केबिनच्या दुसऱ्या बाजूच्या ऑफिसातही तीच गत. आणि आज पलीकडे कात्रीच्या आत्याची झाडाझडती चालली होती.

“पडद्यावर दिवसभर साडेसदतीस होतं,” साहेब म्हणत होते. “मी स्वतः पाहिलंय. पेटी गरम होती. मग अंडी गार कशी पडली?”

“पेटीच गार पडली होती, साहेब. संध्याकाळी गेले तर हीटर बंद पडून त्याचं लाल बटण बाहेर आलेलं. मी आधी ते दाबलं.”

“कुणी पाहिलं?”

साहेबांनी टेबलावर पेन आपटलं.

“यंत्र खोटं बोलत नाही, बाई. अंडी फिरवायला म्हणून तुम्ही बाहेर काढलीत आणि टेबलावर विसरलात. एवढ्या थंडीत, दुपारभर. सरळ आहे.”

“मी काढली नव्हती. पाहुणे आलेत, चहाचं बघा, म्हणून तुम्हीच मला बोलावलंत. मी म्हटलं होतं, अंड्यांपाशी कुणीतरी हवं. तुम्ही म्हणालात, यंत्र आहे ना.”

“चहा करायला बोलावलं होतं. अंडी बाहेर ठेवून या, असं सांगितलं नव्हतं.”

कात्रीची सुरी थांबली. लंब्याने हळूच ती तिच्या हातातून काढून घेतली. बरं केलं.

ती अंडी करकोच्यांची होती. दलदलीत अचानक पाणी चढलं तेव्हा आत्या छातीभर पाण्यात शिरून घरट्यांतून नऊ अंडी घेऊन आली होती. स्वतःच्या लोकरी टोपीत घालून, टोपी स्वेटरच्या आत धरून. त्यानंतर ती उबवणीपेटीपासून हलायला तयार नव्हती. जेवायची तिथेच, डुलकी काढायची तीही तिथेच, खुर्चीत. आणि आता नवांपैकी सात अंडी मेली होती. केंद्रातल्या डॉक्टरबाईंनी एकेक अंडं दिव्यासमोर धरून पाहिलं होतं. फक्त दोघांत अजून हालचाल होती.

“परवा केंद्राची समिती येतेय,” साहेब म्हणाले. “ती काय तो निर्णय घेईल. तोवर तुम्ही घरी थांबा. आणि किल्ल्या ठेवून जा.”

टेबलावर किल्ल्या ठेवल्याचा आवाज झाला. मोठी माणसं एवढ्या सहज एखाद्याला घरी बसवतात, की वाटावं पंखाच बंद केला.

*

सुट्टीत कात्री आत्याकडेच राहायची. दुपारी ती घरी गेली तर आत्या मोरीत बसून आपले रबरी बूट घासत होती. बूट स्वच्छ झाले होते, तरी घासतच होती.

“आत्या, पुरे ना आता.”

“आता लागायचे नाहीत. ठेवायचे तर स्वच्छ ठेवावेत.”

“तू अंडी बाहेर काढली नव्हतीस. मला माहितेय.”

आत्याने ब्रश खाली ठेवला.

“खरं सांगू? सकाळपासून तेच तेच ऐकून मला आता आठवेनासं झालंय,” ती म्हणाली. “मी पेटी उघडली नव्हती, असं वाटतंय. पण साहेब म्हणतात, डॉक्टरही काही बोलत नाहीत, पडदाही तेच सांगतो. घाईघाईत काढली असतील मीच. माणूस चुकतो.”

कात्रीला रडू आलं नाही, संताप आला. आत्या कधी खोटं बोलली नव्हती आणि आता न केलेली चूक कबूल करायला निघाली होती. आत्याची नोकरी गेली असती तर दुसरी शोधता आली असती. पण सात पिल्लं आपण मारली असं आत्याच्या डोक्यात एकदा बसलं की ते कुणाला काढता येणार नव्हतं. परवापर्यंत काहीतरी करायला हवं होतं.

ती जिन्यात येऊन बसली. समोरच्याच घरात राहणारे लंब्या आणि बटण्या न बोलावता येऊन बसले.

“आपण काल दुपारी कुठे होतो?” कात्रीने विचारलं.

“ऑफिसात,” लंब्या म्हणाला. “बाहेर थंडी होती. कारकूनकाका रजेवर, म्हणून त्यांच्या खुर्चीत बसलो होतो.”

“काय करत होतो?”

“आकडा-आकडा खेळत होतो,” बटण्या म्हणाला. “आणि तू सगळे डाव हरलीस.”

हा खेळ त्यांनीच काढला होता. उबवणीपेटीतलं तापमान तारेवरून ऑफिसच्या कॉम्प्युटरवर यायचं आणि पडद्यावर मोठ्या अक्षरांत दिसायचं. सदतीसच्या खाली गेलं की भोंगा वाजणार, अशी सोय होती. पेटी धडधाकट असताना शेवटचा आकडा सारखा हलायचा. सदतीस पॉइंट पाच, मग चार, परत पाच, मग सहा. पुढे कुठला येणार ते सांगायचं. बरोबर आलं तर टाळी, चुकलं तर टपली.

“मी सहा म्हणत होते,” कात्री सावकाश म्हणाली.

“आणि येत होता पाच. परत सहा, परत पाच. तुझं डोकं लाल झालं होतं टपल्यांनी.”

“एकदा तरी दुसरा काही आला?”

बटण्याने विचार केला. “नाही. शेवटी मजाच येईना म्हणून आपण उठलो.”

तिघं एकमेकांकडे बघत राहिली. एरवी मिनिटभर स्थिर न राहणारा आकडा दुपारभर हलला नव्हता. म्हणजे तो ताजा आकडा नव्हताच. कधीचा तरी जुना आकडा पडद्यावर तसाच अडकून बसला होता. पलीकडे अंडी गार पडत होती आणि इकडे ही तिघं त्याच आकड्यासमोर बसून टपल्या मारत होती.

“पेटीचं म्हणणं ऑफिसपर्यंत पोचत नव्हतं,” लंब्या शेवटी म्हणाला. “वाटेत काहीतरी झालंय.”

*

डॉक्टर एका बगळ्याचा पाय बांधत होत्या. मान वर न करताच म्हणाल्या, “तार काढायची आहे? काढा. ऊब वेगळ्या तारेने येते, बातमी वेगळ्या तारेने जाते. हीटरला मात्र हात लावायचा नाही. आणि दोन अंडी आहेत आत, आवाज करू नका.”

“डॉक्टर, आत्याने—”

“मला आत्ता वेळ नाही गं.”

मोठ्यांना वेळ नसतो. कुणाला दोष द्यायचा असला की तेवढा बरोबर मिळतो.

उबवणीपेटीच्या बाजूला एक पांढरी पट्टी चिकटवलेली होती. तिच्यावर ठळक छापलं होतं: १९२.१६८.१.५०.

“हा फोन नंबर आहे?” बटण्याने विचारलं.

“आयपी अ‍ॅड्रेस. नेटवर्कवरच्या प्रत्येक यंत्राला असा एक लागतो,” लंब्या म्हणाला. “इथे पहिले तीन आकडे म्हणजे आपली गल्ली, शेवटचा म्हणजे घर नंबर. पेटी राहते पन्नास नंबरला. कॉम्प्युटर पन्नास नंबरला जाऊन विचारतो, किती गरम आहेस? पेटी सांगते.”

“पण आपल्या घरच्या गेमवर पण एकशे ब्याण्णव एकशे अडुसष्टच आहे. मी पाहिलंय. मग इथलं बोलणं आपल्या घरी का येत नाही?”

लंब्याला धाकट्या भावाचं कौतुक वाटलं, पण त्याने तसं दाखवलं नाही. “कारण ही गल्ली इमारतीच्या आतली. अशी गल्ली घरोघरी असते. बाहेरच्या जगाला आतले नंबर दिसतच नाहीत. बाहेर सगळ्या इमारतीचा मिळून एकच वेगळा नंबर. बाहेरून आलेलं आत कुणाचं कुणाला द्यायचं, ते राउटर बघतो.”

“आणि आतले नंबर कोण वाटतं?”

“तेही राउटरच. तुझा फोन आत आला की त्याला एक रिकामा नंबर देतो. तू गेलास की काही वेळाने तोच दुसऱ्याला. फोनला चालतं तसं. पेटीला नाही चालत, तिला रोज त्याच नंबरवर सापडायला हवं. म्हणून तिचा नंबर कायमचा, हाताने घातलेला.”

कात्रीने पेटीची तार काढली. लंब्या ऑफिसात कॉम्प्युटरवर बसला आणि त्याने पन्नास नंबरला पिंग केलं. पिंग म्हणजे दारावर टकटक करणं. आत कुणी असेल तर ओ येते. ओ आली नाही. तार परत लावली, लगेच ओ आली आणि पडद्यावर आकडा हलायला लागला. पाच, सहा, पाच, चार. बटण्याने तारेला बोटाबोटाने चाचपून पाहिलं. कुठे तुटलेली नाही, कुठे उंदराने कुरतडलेली नाही.

“सगळं ठीक आहे,” लंब्या म्हणाला. त्याचा चेहरा पडला होता. “कुठे काही बिघाड नाही.”

“म्हणजे आत्यानेच अंडी बाहेर काढली, असं म्हणायचंय तुला?”

“मी असं कुठे म्हटलं?”

“तुझं तोंड म्हणतंय.”

ती दाणदाण पाय आपटत निघून गेली. संध्याकाळी तिने आत्याला यातलं काही सांगितलं नाही. आत्या समितीसमोर काय बोलायचं ते मनातल्या मनात घोकत होती आणि तिचे ओठ हलत होते. कात्रीला ते कळत होतं. “माझी चूक झाली,” असेच ते ओठ हलत होते.

*

दुसऱ्या दिवशी सकाळी लंब्या धापा टाकत आला.

“कात्रे, ऐक. मागच्या सुट्टीत मी बटण्याच्या गेमला आणि माझ्या कॉम्प्युटरला चुकून एकच नंबर दिला होता.”

“आणि मला बदडलं होतं,” बटण्या म्हणाला.

“कारण तू गेम सुरू केलास की माझं बंद पडायचं. गेम बंद केलास की माझं सुरू. एका नंबरवर दोघं. गल्लीत हाक मारली की दोघंही हात वर करणार, आणि नेटवर्क एकाचंच खरं धरणार. काल आपण टकटक केली तेव्हा तो दुसरा कुणी बंद असला तर? सगळं ठीकच दिसणार ना?”

कात्रीने त्याच्याकडे नीट पाहिलं. “परवा दुपारी काय चालू होतं, जे काल दुपारी बंद होतं?”

याचं उत्तर तिघांना एकदमच सुचलं, कारण परवाचा तो आरडाओरडा प्लायवूडच्या फळीतून तिघांनीही ऐकला होता. साहेबांच्या केबिनमध्ये नवा, भिंतभर टीव्ही आला होता. पाहुणे आले होते ते सामना बघायला. काल सामना नव्हता. आज दुपारी होता.

“ही तुझी फुशारकी खरी ठरली तर,” कात्री म्हणाली, “मी आयुष्यभर तुझ्या टपल्या खाईन.”

“बटण्या, तू साक्षीदार हं,” लंब्या म्हणाला.

दुपारी ती तिघं ऑफिसात आकड्यासमोर बसली. पाच. चार. पाच. सहा. साहेब केबिनमध्ये गेले. वीज वाचवा, असं त्यांनी केंद्रभर लिहून ठेवलं होतं, त्यामुळे टीव्हीचं बटणही ते भिंतीवरूनच बंद करायचे. आत ते बटण दाबल्याचा खटका झाला. मग गाणं, मग जाहिरात, मग समालोचकाचा आवाज.

सहा. सहा. सहा.

“हलत नाहीये,” बटण्या कुजबुजला.

कात्री पेटीच्या खोलीकडे पळाली. डॉक्टर तिथेच बसल्या होत्या, मोठे डोळे करून दोन अंड्यांवर पाळत ठेवून. “तार काढतेय,” कात्री म्हणाली आणि तिने ती सरळ डॉक्टरांच्या हातात दिली. “ही धरा आणि माझ्याबरोबर चला. फक्त एक मिनिट.”

“काय चाललंय तुमचं?”

“पेटीची तार तुमच्या हातात आहे ना? म्हणजे पन्नास नंबरला कुणी नाही. हो ना?”

“नसणार,” डॉक्टर म्हणाल्या. त्यांनी तार खाली ठेवली, पेटीतल्या तापमापकाच्या काट्यावर एक नजर टाकली आणि त्या तिच्यामागून आल्या.

लंब्याने पन्नास नंबरवर टकटक केली. ओ आली. पुन्हा केली. पुन्हा आली. काढलेली तार तिकडे जमिनीवर पडलेली, आणि पन्नास नंबरवरून कुणीतरी अगदी मजेत “मी आहे, मी आहे” म्हणत होतं.

डॉक्टर खुर्चीच्या पाठीला धरून उभ्या राहिल्या. “हे कोण बोलतंय?”

“तेच बघायचंय,” लंब्या म्हणाला. “बटण्या, तारा काढ.”

ऑफिसच्या कोपऱ्यात सगळ्या खोल्यांतल्या तारा एका चपट्या डब्यात येऊन मिळत होत्या. त्याला स्विच म्हणतात. बटण्या तिथे उकिडवा बसला आणि एक तार काढायची, लंब्याकडे बघायचं, परत लावायची, असं करत चालला. पहिली काढली, ओ येतच होती. दुसरी काढली, तरीही येतच होती. प्रिंटरची काढली, दवाखान्याची काढली. मग त्याने एक नवीकोरी निळी तार उपसली.

ओ थांबली.

आणि प्लायवूडपलीकडून साहेबांचा आवाज आला, “अरे, काय झालं याला? ऐन वेळेला बंद पडला.”

कुणीही हसलं नाही. खरं तर हसण्यासारखंच होतं ते.

*

साहेब रिमोट हातात घेऊनच बाहेर आले. “तारेला कुणी हात लावला?”

“साहेब,” डॉक्टर म्हणाल्या, “तुमच्या टीव्हीला नेटवर्कचा नंबर कुणी घातला?”

“मी घातला. का?” त्यांच्या आवाजात चक्क अभिमान होता. “दुकानवाला येतो येतो म्हणून येईना. फोनवर म्हणाला, आपोआप घेत नसेल तर नंबर हाताने घाला. कुठले घालू ते विचारेपर्यंत फोन ठेवला पठ्ठ्याने. मग म्हटलं, पेटीवर छापलेत ना? ते तिथे व्यवस्थित चालतायत. तेच घातले. शेवटच्या आकड्यासकट, काही चूक नको म्हणून. झक्क चालला.”

“इथे चालला,” कात्री म्हणाली. “तिथे बंद पडला.”

लंब्याने त्यांना पुन्हा सगळं करून दाखवलं. पेटीची तार जागेवर लावली, निळी तारही लावली. आकडा गोठला. निळी काढली. काही वेळाने आकडा हलायला लागला. “तुम्ही टीव्ही लावलात की कॉम्प्युटरची हाक टीव्हीकडे जाते. टीव्हीला काय माहीत तापमान? तो गप्प बसतो. आणि उत्तर आलं नाही की हा प्रोग्राम आधीचाच आकडा दाखवत राहतो. आधीचा आकडा साडेसदतीस, मग भोंगा कशाला वाजेल? परवा हीटर बंद पडला, तेव्हा पेटी गार पडतेय असं सांगत होती. ऐकणारं कुणी नव्हतं.”

“आणि जी ऐकायला तिथे बसली होती, तिला तुम्ही चहा करायला नेलंत,” कात्री म्हणाली.

“हे बघ, मोठ्यांशी बोलताना—”

“ती बरोबर बोलतेय,” डॉक्टर म्हणाल्या. “मीही परवा येता-जाता दोनदा पडद्याकडे पाहिलं. पेटीत डोकावायला पाच पावलं जास्त चालावं लागलं असतं. आणि काल मी तिच्या बाजूने एक शब्द काढला नाही.”

साहेबांनी रिमोट एका हातातून दुसऱ्या हातात घेतला. “नंबर सारखा असला की असं होतं, हे मला कुणी सांगायला नको होतं का?” ते म्हणाले.

पाहा. दोन वाक्यांच्या आत दोष त्यांच्या अंगणातून दुसऱ्याच्या अंगणात गेला होता.

लंब्याने टीव्हीला वेगळा नंबर दिला. दोनशे दहा. आधी टकटक करून तिथे कुणी राहत नाही याची खात्री केली, आणि राउटर येणाऱ्या-जाणाऱ्या फोनना जे नंबर वाटतो त्यांच्यात तो येत नाही हेही पाहिलं. टीव्ही लागला. आकडा हलतच राहिला. इतकं सोपं होतं ते. एक आकडा बदलायचा होता, एवढंच.

कात्री घरी पळत गेली आणि दारातूनच सगळं सांगितलं. आत्याने ऐकून घेतलं. मग तिने विचारलं, “म्हणजे मी काढली नव्हती?”

“नाही, आत्या.”

“नक्की?”

“नक्की.”

आत्या भिंतीला टेकून खाली बसली आणि मग मात्र खूप रडली. सात पिल्लं गेल्यापासून ती पहिल्यांदाच रडत होती. तोवर तिला तो आपला हक्कच वाटत नव्हता.

*

समिती आली. तिघं जण आणि एक अध्यक्षबाई. ऑफिसात खुर्च्या मांडल्या होत्या. साहेबांनी भाषण केलं.

“आमच्या केंद्रातल्या या मुलांनी एक अत्यंत किचकट तांत्रिक दोष शोधून काढला आहे,” ते म्हणाले. “आम्ही मुलांना नेहमीच प्रोत्साहन देतो.”

टाळ्या झाल्या. अध्यक्षबाईंनी तिघांच्याही पाठीवर हात फिरवला. “केवढी हुशार मुलं. आम्हाला या वयात धड प्लगही लावता येत नव्हता,” त्या म्हणाल्या आणि सगळे हसले. डॉक्टरांनी सर्वांसमोर सांगितलं, की ही मुलं नसती तर उरलेली दोन अंडीही गेली असती. ते खरं होतं. तिघांना एकेक दुर्बीण मिळाली, चांगली, कातडी पट्ट्याची. बटण्याने लगेच उलट्या बाजूने साहेबांकडे पाहिलं. साहेब अगदी एवढेसे दिसत होते.

“बोला, काही बोलायचंय?” अध्यक्षबाईंनी कौतुकाने विचारलं.

“हो,” कात्री म्हणाली. “दोष कुणाचा होता, ते सांगायचं राहिलं.”

खुर्च्या करकरल्या. एक जण घड्याळ बघायला लागला.

“बाळ, आज आनंदाचा दिवस आहे,” अध्यक्षबाई म्हणाल्या. “आणि तुझ्या आत्यालाही आपण परत घेतोय. झालं ना मग?”

आत्या दारापाशी उभी होती. घासून घासून नवे केलेले बूट घालून आली होती. साहेब तिच्याकडे वळले. सगळ्यांना वाटलं, आता सॉरी म्हणणार.

“मनाला लावून घेऊ नका, बाई,” ते म्हणाले. “गैरसमज होतात कधी कधी.” आणि त्यांनी किल्ल्या पुढे केल्या.

आत्याने किल्ल्या घेतल्या. दोन अंडी आत होती म्हणून घेतल्या.

“साहेब,” ती म्हणाली, “ती सात अंडी अजून शीतपेटीत आहेत. माझ्याविरुद्ध दाखवायला ठेवली होतीत. आता ती पुरायची आहेत. खड्डा खणायला येता?”

साहेबांनी आपल्या चकचकीत बुटांकडे पाहिलं, समितीकडे पाहिलं. समितीने खिडकीकडे पाहिलं.

“माळ्याला पाठवतो,” ते म्हणाले.

“नको,” आत्या म्हणाली.

खड्डा या चौघांनीच खणला, पिंजऱ्यांच्या मागे, जिथून दलदल दिसते. जमीन थंडीने कडक झाली होती आणि कुदळ उसळून परत येत होती. आत्याने सात अंडी त्याच लोकरी टोपीत घालून आणली होती. टोपीसकटच खाली ठेवली. डॉक्टर मागाहून आल्या, कुणी न बोलावता, आणि हातांनी माती लोटू लागल्या.

“ते सॉरी म्हणाले नाहीत,” कात्री म्हणाली.

“म्हणाले असते तर ही अंडी उबली असती का?” आत्याने विचारलं. तिने मातीवरून हात फिरवला. मग तोंड फिरवून म्हणाली, “पण म्हणायला हवं होतं गं. मला हवं होतं ते.”

दुर्बिणी गळ्यात होत्या, त्या उगीचच जड वाटत होत्या.

परत येताना आत्या कुठेच थांबली नाही. सरळ पेटीपाशी गेली, काचेतून आत पाहिलं, आणि आपली खुर्ची ओढून बसली. यंत्र असलं तरी आणि भोंगा असला तरी. ती तिघं ऑफिसात पडद्यासमोर जाऊन उभी राहिली. फळीपलीकडे समितीचा चहा चालला होता आणि कपांचा आवाज येत होता.

सदतीस पॉइंट पाच. चार. पाच.

“सहा,” बटण्या हळूच म्हणाला.

सहाच आला. त्याने टाळीसाठी हात वर केला, मग दोघांचे चेहरे पाहिले आणि तो हात खाली घेतला. तिघं तशीच उभी राहिली, आकडा हलतोय ना, ते बघत.